ऱ्होडेशियाची परदेशी लॉबी : पैसा कुणाचा होता, आणि निर्बंधांना भोक पाडलं कसं?

कुतूहल_७२ (धागाकर्ता)

११ नोव्हेंबर १९६५ ला इयन स्मिथच्या सरकारने ऱ्होडेशियाचं (आजच्या झिंबाब्वेचं) स्वातंत्र्य एकतर्फी जाहीर केलं. लोकसंख्येत गोरे जेमतेम पाच टक्के, आणि सत्ता सगळी त्यांच्या हातात. एकाही देशाने या सरकारला मान्यता दिली नाही. सुरक्षा परिषदेने डिसेंबर १९६६ मध्ये काही ठरावीक मालावर सक्तीचे निर्बंध घातले आणि मे १९६८ मध्ये जवळजवळ सगळा व्यापारच बंद केला. तरीही ही राजवट १९७९ पर्यंत तगली.

दक्षिण आफ्रिका आणि (१९७४ पर्यंत) पोर्तुगाल यांनी मागचं दार उघडं ठेवलं होतं, हे बहुतेकांना माहीत असतं. मला विचारायचंय ते अमेरिका आणि ब्रिटनमधल्या ऱ्होडेशिया-समर्थक संघटनांबद्दल. अभ्यासमंडळात या विषयावर टिपण वाचायचं आहे. प्रश्न असे :

या संघटना तिथल्या नागरिकांनी आपणहून काढल्या होत्या, की स्मिथ सरकारने पैसे देऊन उभ्या केल्या होत्या? सुरक्षा परिषदेत निर्बंधांच्या बाजूने मत देणाऱ्या अमेरिकेने १९७१ मध्ये निर्बंध मोडणारा कायदा केला, तो या संघटनांच्या जोरावर का? आणि एखादी संघटना खरी की मुखवटा, हे इतक्या वर्षांनी इथे बसून तपासायचं कसं?

दप्तरखाना

आधी तीन थर वेगळे करा. बहुतेक लेखांत ते एकत्र कालवलेले असतात आणि मग एक तर सगळंच कारस्थान वाटतं किंवा सगळंच भाबडं लोकमत.

पहिला थर उघड सरकारी. वॉशिंग्टनमध्ये 'ऱ्होडेशियन इन्फर्मेशन ऑफिस' होतं. त्याचे प्रमुख केनेथ टाउसी. स्वातंत्र्यघोषणेआधी ते तिथल्याच ब्रिटिश दूतावासात ऱ्होडेशियाचं काम पाहत होते. घोषणेनंतर त्यांचा राजनैतिक दर्जा गेला, पण ते देश सोडून गेले नाहीत. परकीय सरकारसाठी काम करणाऱ्यांनी नोंदणी करावी असा अमेरिकेत १९३८ चा कायदा आहे, ज्याला सगळे 'फारा' म्हणतात. त्याखाली नोंद करून त्यांनी कार्यालय चालू ठेवलं. वार्तापत्रं काढणं, खासदारांना भेटणं, वर्तमानपत्रांना पत्रं लिहिणं, व्याख्यानांना वक्ते पुरवणं हे सगळं कागदोपत्री कायदेशीर होतं. अमेरिकेने ऱ्होडेशियाच्या राजधानीतली, सॅलिसबरीतली, आपली वकिलात मार्च १९७० मध्ये बंद केली, तरी वॉशिंग्टनमधलं हे कार्यालय चालूच राहिलं.

दुसरा थर अमेरिकन नागरिकांचा. 'फ्रेंड्स ऑफ ऱ्होडेशियन इंडिपेंडन्स' ही संघटना १९६६ मध्ये उभी राहिली, तिच्यामागे लिबर्टी लॉबी हा अतिउजवा गट होता. 'अमेरिकन-आफ्रिकन अफेअर्स असोसिएशन' हा त्याहून प्रतिष्ठित चेहरा. त्याचे सहअध्यक्ष होते विल्यम रशर आणि मॅक्स यर्गन. रशर म्हणजे 'नॅशनल रिव्ह्यू' या पाक्षिकाचे प्रकाशक. दक्षिणेकडच्या राज्यांत शाळांमधलं वर्णविभाजन टिकवण्यासाठी १९५४ नंतर निघालेल्या सिटिझन्स कौन्सिल्सनीही ऱ्होडेशियाचा कैवार घेतला. यातल्या बऱ्याच जणांना सॅलिसबरीच्या पैशाची गरजच नव्हती. मिसिसिपीत आणि व्हर्जिनियात जी लढाई ते हरत होते, तीच त्यांना ऱ्होडेशियात जिंकली जाताना दिसत होती. तुमच्या पहिल्या प्रश्नाचं उत्तर हेच आहे. सरकारी कार्यालय मजकूर, फोटो आणि दौऱ्याची सोय पुरवायचं. माणसं, वर्गणी आणि राग अमेरिकेतलेच होते. यात मूळ दुखणं वर्णद्वेषाचं होतं आणि टिपणात ते स्पष्ट लिहा. 'कम्युनिझमविरोध' हा शब्द त्यावरचं पांघरूण म्हणूनही वापरला गेला.

तिसरा थर कंपन्यांचा. युनियन कार्बाइड आणि फूट मिनरल या दोन अमेरिकन कंपन्यांच्या ऱ्होडेशियात क्रोमच्या खाणी होत्या. लोकभावना ढवळण्यात त्यांना रस नव्हता, त्यांना खनिज हवं होतं.

१९७१ चा कायदा झाला तो दुसरा आणि तिसरा थर एकत्र आल्यावर. व्हर्जिनियाचे सिनेटर हॅरी बर्ड ज्युनियर यांनी संरक्षणखरेदीच्या विधेयकात कलम ५०३ घुसवलं. हे वाचण्यासारखं आहे, कारण त्यात ऱ्होडेशियाचं नावच नाही. आशय असा : जी सामरिक महत्त्वाची वस्तू कम्युनिस्ट देशाकडून आणायला मुभा आहे, ती बिगर-कम्युनिस्ट देशाकडून आणायला राष्ट्राध्यक्ष बंदी घालू शकत नाहीत. अमेरिका तेव्हा क्रोमचा मोठा वाटा सोव्हिएत रशियाकडून घेत होती. त्यामुळे प्रश्न 'गोऱ्यांची राजवट हवी का' असा उरलाच नाही. तो झाला 'रशियावर अवलंबून राहायचं का'. सामरिक यादीत ७२ वस्तू होत्या. क्रोमच्या नावाने उघडलेल्या दारातून फेरोक्रोम (क्रोम आणि लोखंडाचा मिश्रधातू), निकेल, ॲस्बेस्टॉसही आत आलं.

निक्सन यांनी १७ नोव्हेंबर १९७१ ला सही केली आणि १ जानेवारी १९७२ पासून कलम लागू झालं. अख्खं संरक्षण विधेयक एका कलमासाठी परत पाठवणं कठीण असतं, म्हणूनच ते तिथे घुसवलं होतं. राष्ट्राध्यक्षांच्या खात्याने जोर लावला असता तर अडवता आलं असतं, पण त्यांनी तो लावला नाही.

काँग्रेसमधले कृष्णवर्णीय सदस्य चार्ल्स डिग्ज आणि इतर न्यायालयात गेले. १९७२ मध्ये अपील न्यायालयाने सांगितलं की हा संयुक्त राष्ट्रांच्या कराराचा भंग आहे हे उघडच आहे, पण काँग्रेसने जाणूनबुजून नंतर केलेला देशी कायदा आधीच्या करारावर मात करतो. एकाच देशाने जगासमोर दिलेला शब्द आणि त्याच देशाचा अंतर्गत कायदा यांच्यात जी फट असते, त्या फटीत ही सगळी लॉबी जगली. टिपणाचा कणा मी तोच ठेवेन.

टेम्सकाठ

ब्रिटनचं चित्र वेगळं, पण फट तीच. मुळात ऱ्होडेशिया ही ब्रिटिश वसाहत आणि बंड राणीच्या सरकारविरुद्ध, त्यामुळे समर्थकांना 'आपण देशद्रोह्यांच्या बाजूचे' असा शिक्का नको होता. 'नातलगांवर हत्यार उचलू नका, अर्थव्यवस्था मोडू नका, बोलणी करा' अशी त्यांची भाषा असायची.

हुजूर पक्षातला 'मंडे क्लब' १९६१ च्या सुरुवातीला स्थापन झाला. पंतप्रधान मॅकमिलन यांनी ३ फेब्रुवारी १९६० ला केपटाउनमध्ये आफ्रिकेतल्या बदलत्या वाऱ्याचं भाषण केलं. तो दिवस या मंडळींनी काळा दिवस मानला. क्लबचे आश्रयदाते पाचवे लॉर्ड सॅलिसबरी. ऱ्होडेशियाच्या राजधानीचं सॅलिसबरी हे नाव त्यांच्या आजोबांवरून, म्हणजे पंतप्रधान राहिलेल्या तिसऱ्या लॉर्ड सॅलिसबरींवरून पडलेलं. ज्या ब्रिटिश साउथ आफ्रिका कंपनीने हा मुलूख बळकावला, तिच्या संचालक मंडळावरही पाचवे लॉर्ड होते. 'अँग्लो-ऱ्होडेशियन सोसायटी' ही सभा, पत्रकं, वर्गणी यांची बाजू सांभाळायची. पॅट्रिक वॉल, जॉन बिग्ज-डेव्हिसन, स्टीफन हेस्टिंग्ज, हॅरोल्ड सोरेफ ही खासदारांची नावं तुम्हाला परत परत भेटतील.

यांचं बळ मोजायचं असेल तर सदस्यसंख्येचे दावे बाजूला ठेवा आणि संसदेतली मतं मोजा. हॅन्सर्डमध्ये, म्हणजे संसदेच्या छापील कार्यवाहीत, ती नावानिशी मिळतात. तीन तारखा पुरेत.

२१ डिसेंबर १९६५, तेलबंदीवर मतदान. हुजूर पक्षाचा आदेश तटस्थ राहण्याचा. ५० खासदारांनी विरोधात मत दिलं, ३१ जणांनी सरकारच्या बाजूने. पक्ष एकाच वेळी तीन ठिकाणी फाटला आणि पक्षनेते एडवर्ड हीथ पुढे कायम हे शिवण जपत राहिले.

१८ जून १९६८, लॉर्ड्सचं सभागृह. सुरक्षा परिषदेचे नवे व्यापक निर्बंध ब्रिटिश कायद्यात आणणारा हुकूम लॉर्ड्सनी १९३ विरुद्ध १८४ मतांनी फेटाळला. सरकारने तो महिन्याभरात परत मांडून संमत करून घेतला, त्यामुळे प्रत्यक्षात निर्बंध अडले नाहीत. पण सॅलिसबरीतल्या गोऱ्यांना 'लंडन आपल्यामागे आहे' असं वाटायला एवढं पुरलं, आणि माझ्या मते ब्रिटिश लॉबीने केलेलं सर्वात मोठं नुकसान हेच. दर वेळी स्मिथला वाटत राहिलं की थोडं थांबलं तर लंडनमधलं सरकार बदलेल आणि अटी सैल होतील.

नोव्हेंबर १९७८. निर्बंधांचा आधार असलेलं १९६५ च्या कायद्यातलं कलम २ दर वर्षी नोव्हेंबरमध्ये नव्याने संमत करावं लागे, म्हणून बंडखोरीलाही वार्षिक मुहूर्त मिळाला. त्या वर्षी तटस्थतेचा आदेश धुडकावून ११४ हुजूर खासदारांनी विरोधात मत दिलं. १९६५ चे ५० आणि १९७८ चे ११४ शेजारी ठेवा. यादवी युद्ध पेटलेलं असताना यांचा आकडा दुपटीहून वाढला होता.

एक फरक ध्यानात घ्या. लंडनमध्ये स्ट्रँडवर असलेलं 'ऱ्होडेशिया हाउस' हे ऱ्होडेशियाचं कार्यालय तिथल्या प्रजासत्ताकाच्या सार्वमतानंतर १९६९ मध्ये बंद झालं. त्यानंतर लंडनच्या लॉबीला वॉशिंग्टनसारखं उघड सरकारी कार्यालय नव्हतं. म्हणून ब्रिटिश बाजूला कागद शोधताना फाराची नोंदवही नसते. संसदेची कार्यवाही, पक्षाचे कागद आणि कंपन्यांचे संचालक यांवरच भिस्त ठेवावी लागते.

आणि कंपन्यांचं म्हणाल तर १९७८ च्या बिंगहॅम अहवालाने दाखवलं की शेल आणि बीपीचं तेल मोझांबिक व दक्षिण आफ्रिकेमार्गे ऱ्होडेशियाला पोचतच होतं, आणि लंडनमध्ये सरकारातल्या लोकांना त्याची कल्पना होती. त्याच काळात ब्रिटिश आरमार १९६६ ते १९७५ मोझांबिकच्या बैरा बंदराबाहेर समुद्रात तेलाची जहाजं अडवत गस्त घालत होतं. पत्रकं काढणाऱ्या सोसायट्यांपेक्षा हे गुपचूप तेल राजवटीला जास्त कामी आलं.

कुतूहल_७२

दोघांचेही आभार. क्रोमवर थोडं अडलंय. काही ठिकाणी वाचलं की ऱ्होडेशियाच्या क्रोमशिवाय अमेरिकेचं स्टेनलेस स्टील बंद पडलं असतं. मग १९७७ मध्ये बर्डचं कलम रद्द झालं तेव्हा ते का बंद पडलं नाही?

भट्टीवाला

याचं उत्तर धातुशास्त्रात आहे, आणि राजकारणाच्या लेखांत ते हमखास सुटतं.

नेहमीच्या स्टेनलेस स्टीलमध्ये साधारण १८ टक्के क्रोमियम असतं आणि कार्बन अगदी कमी लागतो. क्रोमियम फेरोक्रोमच्या रूपात भट्टीत जातं. जुन्या पद्धतीत अडचण अशी की वितळलेल्या धातूतला कार्बन ऑक्सिजनने जाळायला गेलं की क्रोमियमही जळून मळीत, म्हणजे वर तरंगणाऱ्या टाकाऊ थरात, जातं. म्हणून आधीच कमी कार्बनचं, महागडं फेरोक्रोम घालावं लागे. त्यासाठी उंची खनिज लागतं, ज्यात क्रोमियमचं लोखंडाशी प्रमाण जास्त असतं. असं खनिज ऱ्होडेशियाच्या 'ग्रेट डाइक' या खनिजपट्ट्यात होतं, रशियात होतं, तुर्कस्तानात होतं. दक्षिण आफ्रिकेतल्या ट्रान्सवालच्या खनिजात लोखंड जास्त. क्रोमियम-लोखंडाचं प्रमाण दीडपटीच्या आसपास. ते या कामाला दुय्यम समजलं जाई.

मग आर्गॉन-ऑक्सिजन पद्धत आली. ऑक्सिजनबरोबर आर्गॉन फुंकला की कार्बन मोनॉक्साइडचा दाब उतरतो, कार्बन जळतो आणि क्रोमियम बरंचसं धातूतच राहतं. म्हणजे जास्त कार्बनचं स्वस्त फेरोक्रोम चालतं आणि ते ट्रान्सवालच्या खनिजापासूनही बनतं. १९६८ मध्ये ही पद्धत कारखान्यात सुरू झाली आणि सत्तरच्या दशकात अमेरिकेतल्या स्टेनलेस उत्पादकांनी ती झपाट्याने घेतली. ही पद्धत विकसित केली होती युनियन कार्बाइडनेच. १९७७ उजाडेपर्यंत ऱ्होडेशियाच्या उंची खनिजाची निकड उरली नव्हती, आणि कंपन्यांचा विरोधही त्यामुळे मावळला.

दुसरी गोष्ट कामगारांची. १९७२ नंतर ऱ्होडेशियाने नुसती खनिजमाती पाठवण्याऐवजी तयार फेरोक्रोम जास्त पाठवायला सुरुवात केली. त्याची झळ अमेरिकेतल्या फेरोमिश्रधातूंच्या कारखान्यांना बसली. ओहायोतला फूट मिनरलचा कारखाना बंद पडला. पोलाद कामगारांची युनियन बर्डच्या कलमाविरुद्ध ठामपणे उभी राहिली. मार्च १९७२ मध्ये लुइझियानातल्या बर्नसाइड बंदरावर क्रोमचं पहिलं जहाज लागलं, तेव्हा सदर्न युनिव्हर्सिटीच्या कृष्णवर्णीय विद्यार्थ्यांनी तिथे निदर्शनं केली होती. सुरुवातीला एकटे पडलेले हे विद्यार्थी आणि पुढे नोकऱ्या जाऊ लागलेले कामगार, दोघांची बाजू एक झाली.

'रशियावर अवलंबून' या युक्तिवादातही भेसळ होती. अमेरिकेच्या सामरिक साठ्यात गरजेपेक्षा जास्त क्रोम पडून होतं. ते विकावं असं सरकारच म्हणत होतं. आणि कलम लागू झाल्यावरही रशियाकडून आयात थांबली नाही. कलमाचा हेतू रशियाचं क्रोम बंद करण्याचा नव्हताच.

रद्द करायला इतका वेळ का लागला, तेही थोडक्यात सांगतो. १९७२ मध्ये सिनेटमध्ये प्रयत्न ३६ विरुद्ध ४० ने हरला. डिसेंबर १९७३ मध्ये सिनेटमध्ये जिंकला, पण प्रतिनिधिगृहाने सप्टेंबर १९७५ मध्ये १८७ विरुद्ध २०९ ने पाडला. शेवटी १८ मार्च १९७७ ला कार्टर यांनी सही केली. या वेळी पळवाटही बुजवली : क्रोम असलेलं पोलाद कुठूनही आलं तरी त्यात ऱ्होडेशियाचं क्रोम नाही असा मूळस्थानाचा दाखला मागायला सुरुवात झाली. नाहीतर तेच क्रोम दुसऱ्या देशात पोलादात मिसळून आत आलं असतं.

दप्तरखाना

भट्टीवाला, हे फार नेमकं सांगितलंत. आता तपासायचं कसं, हा तिसरा प्रश्न.

फाराच्या नोंदी अमेरिकेच्या न्याय खात्याच्या संकेतस्थळावर शोधता येतात. शोधताना संघटनेचं नाव टाकून थांबू नका. नोंद असते ती प्रतिनिधीची, म्हणजे कार्यालयाची किंवा व्यक्तीची, आणि ज्याच्यासाठी तो काम करतो तो परकीय मालक वेगळ्या रकान्यात असतो. दोन्ही बाजूंनी शोधा. मूळ नोंदणीपेक्षा दर सहा महिन्यांचं पूरक निवेदन कामाचं. त्यात किती पैसे आले, कुणाकडून, कशावर गेले, कुणाला भेटले, काय छापलं हे सांगावं लागतं. छापलेल्या मजकुराच्या प्रती जमा कराव्या लागत, आणि मजकुरावर 'हे परकीय प्रतिनिधीने काढलं आहे' अशी ओळही हवी असे.

ती ओळ कुठे गळते ते पाहणं हीच खरी चाचणी. सरकारी वार्तापत्रातला परिच्छेद चार आठवड्यांनी एखाद्या 'नागरिक समिती'च्या पत्रकात शब्दशः दिसतो आणि ओळ नाहीशी झालेली असते. दोन्ही कागद तारखेनुसार शेजारी लावा. एक-दोन वाक्यं जुळणं पुरावा नाही, वृत्तसंस्थेची बातमी दोघांनीही उचललेली असू शकते. तेच फोटो, तेच आकडे, आकड्यांतली तीच चूक जुळली तर मात्र मूळ एक आहे असं म्हणायला हरकत नाही.

मग पत्रकाच्या माथ्यावरची नावं उतरवून घ्या. सल्लागार मंडळ, खजिनदार, पत्ता, टपालपेटीचा क्रमांक. पाच संघटनांचे पत्ते दोन इमारतींत निघतात, आणि खजिनदार हा अध्यक्षापेक्षा जास्त सांगून जातो.

काँग्रेसच्या कार्यवाहीबद्दल एक सावधानता. सदस्य न बोललेला मजकूरही तिच्यात घालू शकत, आणि घातलेल्या मजकुराच्या प्रती आपल्या मोफत टपालाने वाटू शकत. ऱ्होडेशियाचं पत्रक असं 'काँग्रेसमधलं भाषण' होऊन घरोघरी जाई. न बोललेल्या मजकुरापुढे ठिपक्याची खूण छापायला १ मार्च १९७८ पासून सुरुवात झाली. त्याआधीच्या खंडांत फरक कळत नाही. म्हणून 'अमुक सिनेटर सभागृहात म्हणाले' असं लिहिण्याआधी दहादा विचार करा, 'कार्यवाहीत नोंदवलं' एवढंच लिहा.

कुठे घसरायला होतं? नोंद नाही म्हणजे परकीय पैसा नाही, असा निष्कर्ष काढणं ही सगळ्यात मोठी चूक. न नोंदवलेला पैसा नोंदवहीत दिसणारच नाही. उलट दिशेची चूकही तितकीच वाईट : समर्थक आहे म्हणजे विकत घेतलेला आहे. पैसा सिद्ध झाला नसेल तर 'संबंध होते' असं गुळमुळीत लिहू नका, काय संबंध ते लिहा, नाहीतर गाळा.

शोधशब्दांत देशाचं नाव बदलून पाहा. ब्रिटिश कायदे आणि संयुक्त राष्ट्रांचे ठराव शेवटपर्यंत 'सदर्न ऱ्होडेशिया' म्हणतात, कारण त्यांच्या लेखी ती वसाहतच होती. स्मिथ सरकार आणि लॉबी नुसतं 'ऱ्होडेशिया' म्हणते. १९७९ मध्ये काही महिने 'झिंबाब्वे ऱ्होडेशिया' येतं. एकाच नावाने शोधलं तर अर्धे कागद हातून सुटतात.

आणि लॉबीचा आवडता दावा, 'मताधिकार रंगावर नव्हता, पात्रतेवर होता', खोडून काढायला १९६९ ची राज्यघटना उघडा. प्रतिनिधिगृहात ६६ जागा : ५० गोऱ्यांसाठी, १६ आफ्रिकनांसाठी, त्या १६ पैकी निम्म्याच थेट निवडून, उरलेल्या आठ टोळीप्रमुखांच्या मंडळांकडून. त्याच वर्षीच्या जमीनधारणा कायद्याने गोऱ्यांना आणि आफ्रिकनांना प्रत्येकी सुमारे साडेचार कोटी एकर दिले. पाच टक्क्यांना जेवढी जमीन, तेवढीच पंचाण्णव टक्क्यांना. पत्रकांत हे 'समान वाटप' म्हणून छापलं जात असे.

मांडवीतीर

ऱ्होडेशियाच्या आधीची पायरी पोर्तुगालची आहे आणि तिचा गोव्याशी थेट संबंध येतो, म्हणून लिहिते.

सालाझार सरकारने १९५१ मध्ये घटनादुरुस्ती करून वसाहतींना 'सागरपार प्रांत' म्हणायला सुरुवात केली. प्रांत म्हटलं की संयुक्त राष्ट्रांना वसाहतींची माहिती देण्याचं बंधन नाही, असा दावा. महासभेने डिसेंबर १९६० मध्ये ठराव १५४२ करून तो फेटाळला आणि अस्वयंशासित प्रदेशांची यादीच दिली. त्या यादीत अंगोला आणि मोझांबिकबरोबर गोवा आहे. त्यामुळे लिस्बनची अमेरिकेतली प्रचारमोहीम अंगोलासाठी असली तरी युक्तिवाद गोव्यालाही तोच लागू होत होता : इथे वसाहत नाही, बहुवर्णी पोर्तुगाल आहे.

१५ मार्च १९६१ ला उत्तर अंगोलात उठाव झाला. लगेच वसाहतींतल्या पोर्तुगीज कंपन्यांच्या गटाने न्यूयॉर्कची सेल्व्हेज अँड ली ही जनसंपर्क संस्था नेमली. तिच्या प्रचारात बॉस्टनमधल्या पोर्तुगीज-अमेरिकन लोकांची एक समिती पुढे होती. उठावात मारल्या गेलेल्या गोऱ्यांचे विदारक फोटो असलेली पुस्तिका या समितीच्या नावाने वाटली गेली. उठावानंतर पोर्तुगीज सैन्याने आणि सशस्त्र वसाहतकारांनी हजारो आफ्रिकन मारले, ते त्यात नव्हतं. १९६३ मध्ये सिनेटर फुलब्राइट यांच्या समितीने परकीय सरकारांच्या बिगर-राजनैतिक प्रतिनिधींची चौकशी केली, त्यात समितीच्या मागची ही संस्था उघड झाली. १९६६ मध्ये फारा कडक करण्यात आला, त्यामागे ही चौकशी होती. म्हणजे ऱ्होडेशियाचं कार्यालय ज्या नियमांखाली कागद भरत होतं, ते नियम कडक होण्यात पोर्तुगालच्या प्रचाराचा हात होता.

कटांगाचंही पाहा. जुलै १९६० मध्ये काँगोतून फुटलेल्या कटांगाचा प्रमुख त्शोम्बे आफ्रिकन होता, त्यामुळे त्याला गोऱ्यांची राजवट म्हणता येत नाही; पण मागे बेल्जियन खाणकंपनी आणि गोरे भाडोत्री सैनिक होते. डिसेंबर १९६१ मध्ये अमेरिकेत 'कटांगाच्या स्वातंत्र्यसैनिकांना मदत' करणारी समिती निघाली. सूत्रधार मार्विन लीबमन, अध्यक्ष मॅक्स यर्गन. या समितीचा रोख संयुक्त राष्ट्रांच्या सैन्यावर होता, आणि त्या सैन्यात भारताची ब्रिगेड होती. कॅप्टन गुरबचनसिंग सलारिया यांना ज्या लढाईसाठी मरणोत्तर परमवीरचक्र मिळालं, ती ५ डिसेंबर १९६१ ची, एलिझाबेथव्हिलची.

त्याच महिन्यात, १८ डिसेंबरला, गोव्यात भारतीय सैन्य शिरलं आणि सुरक्षा परिषदेत भारताविरुद्धचा ठराव रशियाच्या नकाराधिकाराने अडला. कटांगा आणि गोवा एकाच पंधरवड्यात आल्यामुळे अमेरिकेतल्या उजव्या वर्तुळांत भारताची प्रतिमा काय झाली असेल, याची कल्पना त्या काळच्या वर्तमानपत्रांचे डिसेंबरचे अंक चाळले की येते.

यर्गन यांचं नाव वर आलंच आहे. ते स्वतः कृष्णवर्णीय. १९१६ मध्ये वायएमसीएच्या कामासाठी बंगळूरला आले होते, नंतर पूर्व आणि दक्षिण आफ्रिकेत गेले, पुढे गायक पॉल रोब्सन यांच्याबरोबर डाव्या चळवळीत होते आणि १९४८ च्या फुटीनंतर पार दुसऱ्या टोकाला गेले. वर्णद्वेषाचा आरोप झटकायला त्यांचं नाव लेटरहेडवर असणं या संघटनांना फार उपयोगी होतं. मुखवटा ओळखताना हाही भाग बघा.

पलीकडची बाजूही टिपणात यावी अशी विनंती. एप्रिल १९६१ मध्ये कासाब्लांका इथे पोर्तुगीज वसाहतींतल्या स्वातंत्र्यवादी संघटनांची परिषद झाली, तीत अंगोला, मोझांबिक, गिनीबरोबर गोव्याचे प्रतिनिधी होते. बार्देशात जन्मलेले आक्विनो द ब्रागांसा या कामात होते. पुढे ते मोझांबिकचे अध्यक्ष सामोरा माशेल यांचे सल्लागार झाले आणि १९८६ च्या विमान अपघातात माशेल यांच्याबरोबरच गेले.

टेम्सकाठ

दप्तरखाना यांच्या 'फटी'ला ऑस्ट्रेलियाचं उदाहरण जोडतो, कारण ते सगळ्यांत स्वच्छ आहे. सिडनीत ऱ्होडेशियाचं माहिती केंद्र होतं. व्हिटलम सरकारने १९७३ मध्ये त्याचं टपाल आणि टेलिफोन तोडले. प्रकरण हायकोर्टात गेलं, जे तिथलं सर्वोच्च न्यायालय. कोर्टाने सांगितलं, सुरक्षा परिषदेचा ठराव संसदेने कायद्यात उतरवलेला नाही, तेव्हा त्याच्या आधारावर नागरिकाचा टेलिफोन कापता येत नाही. सरकारचा हेतू कितीही योग्य असो, कायदा न करता केलेली कारवाई टिकली नाही.

कुतूहल_७२

शेवटचा प्रश्न. १९७७ मध्ये कलम गेल्यावर ही लॉबी संपली का? आणि दक्षिण आफ्रिकेच्या मुखवटा संघटना याच माळेतल्या का?

दप्तरखाना

संपली नाही, मागणी बदलली. मार्च १९७८ मध्ये स्मिथने बिशप मुझोरेवा वगैरे आफ्रिकन नेत्यांशी अंतर्गत करार केला आणि लॉबी म्हणू लागली : आता बहुमताचं सरकार येतंय, निर्बंध उठवा. त्या करारात सैन्य, पोलीस, न्यायसंस्था यांवरची गोऱ्यांची पकड बव्हंशी शाबूत होती. तरी सिनेटर जेसी हेल्म्स यांनी लावून धरलं. १९७८ मध्ये केस-जॅव्हिट्स दुरुस्तीने तडजोड झाली : सर्वपक्षीय बोलणी आणि मोकळी निवडणूक झाल्याचं राष्ट्राध्यक्षांनी ठरवलं तर निर्बंध उठतील. एप्रिल १९७९ ची निवडणूक झाली, पण कार्टर यांनी जूनमध्ये अटी पूर्ण झालेल्या नाहीत असा निर्णय दिला. त्याच वर्षी लंडनच्या लँकेस्टर हाउसमध्ये ऱ्होडेशियाच्या भवितव्यावर वाटाघाटी चालू असताना हेल्म्स यांचे दोन सहायक तिथे पोचले आणि स्मिथच्या बाजूला ताणून धरायला सांगू लागले, अशी तक्रार ब्रिटिश सरकारने वॉशिंग्टनकडे केली होती.

दक्षिण आफ्रिकेचं प्रकरण वेगळ्या माळेतलं, कारण तिथे सरकारी पैसा सिद्ध झालेला आहे. सत्तरच्या दशकात माहिती खात्याचे सचिव एशेल ऱ्हूडी आणि मंत्री कॉनी मुल्डर यांनी गुप्त निधीतून प्रकल्प चालवले. 'क्लब ऑफ टेन' नावाने ब्रिटिश आणि अमेरिकन वर्तमानपत्रांत मोठ्या जाहिराती यायच्या. 'खासगी व्यावसायिकांचा गट' असं सांगितलं जाई, पैसा खात्याचा होता. अमेरिकेत जॉन मॅक्गॉफ या वृत्तपत्र मालकामार्फत 'वॉशिंग्टन स्टार' विकत घ्यायचा प्रयत्न झाला, तो फसला. 'रँड डेली मेल'च्या बातमीदारांनी धागे उकलले, न्यायमूर्ती मोस्टर्ट यांनी नोव्हेंबर १९७८ मध्ये साक्षी जाहीर केल्या, आणि मुल्डर यांना जावं लागलं. १९८६ मध्ये वॉशिंग्टनला निघालेल्या 'इंटरनॅशनल फ्रीडम फाउंडेशन'चा पैसा दक्षिण आफ्रिकी लष्करी गुप्तहेर खात्याचा होता, हे १९९५ मध्ये 'न्यूजडे'ने उघड केलं. जॅक अब्रामॉफ तिचे पहिले अध्यक्ष. टिपणात ही दोन प्रकरणं घ्या, पण ऱ्होडेशियाच्या संघटनांवर त्यांचा पुरावा चिकटवू नका.

तारखा जुळवायच्या असतील तर शेवट असा : ब्रिटनमध्ये कलम २ नोव्हेंबर १९७९ मध्ये नूतनीकरण न होता संपलं, लॉर्ड सोम्स १२ डिसेंबरला गव्हर्नर म्हणून सॅलिसबरीत उतरले, अमेरिकेने १६ डिसेंबरला निर्बंध उठवले, सुरक्षा परिषदेने २१ ला ठराव ४६० ने. झिंबाब्वे स्वतंत्र झाला १८ एप्रिल १९८० ला.